गुलाबबाईंचं दुसरं नाव

खरी कॉर्नरला कॅमेऱ्याचं स्मारक आहे. बाबूराव पेंटरांनी याच गावात सुटे भाग घासून, जुळवून देशी कॅमेरा उभा केला, त्याची ही आठवण. कोल्हापूरकराला त्याचा केवढा अभिमान! मला मात्र तिथनं जाताना वाटतं, त्या कॅमेऱ्यासमोर पहिल्यांदा उभ्या राहिलेल्या बायकांची आठवण कुठं ठेवलीय?

एक होत्या गुलाबबाई. 1920च्या ‘सैरंध्री’त बाबूरावांनी त्यांना आणि अनसूयाबाईंना घेतलं. सात वर्षांपूर्वी ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये फाळक्यांच्या तारामतीचं लुगडं अण्णा साळुंक्यांना नेसावं लागलं होतं. कोल्हापुरात बायका मिळाल्या, पण सिनेमात तोंड दाखवणं इतकं हलकं, की त्यांच्याच समाजानं त्यांना वाळीत टाकलं. बाबूरावांच्या महाराष्ट्र फिल्म कंपनीच्या आवारातच त्यांना आसरा घ्यावा लागला. या कंपनीला भांडवल दिलं होतं तेही तानीबाई कागलकर या गायिकेनं. पडद्यावर गुलाबबाईंच्या कमलादेवी झाल्या आणि अनसूयाबाईंच्या सुशीलादेवी. ‘देवी’ जोडलं की बाई सोवळी होते, असा हिशेब असावा.

‘सैरंध्री’ पुण्यात आर्यन थिएटरात लागला. बोलबाला झाला कीचकवधाचा. तो प्रसंग इतका खरा वाटला, की पुढं कापावा लागला. टिळकांनी बाबूरावांना ‘सिनेमा केसरी’ म्हटलं. चित्रपटाला नाव मात्र बाईचं, अज्ञातवासातल्या द्रौपदीचं.

पुढं ‘सिंहगड’ आला. रात्रीच्या प्रसंगांसाठी बाबूरावांनी कृत्रिम दिवे लावले, त्या उजेडातही कमलादेवी होत्या. 1925च्या ‘सावकारी पाश’मध्येही त्या आहेत. इथं मुकुट नाही, गदा नाही. कर्जात बुडालेला शेतकरी आणि त्याची हातची गेलेली जमीन. शेतकरी झाला होता तरुण शांताराम. ‘सैरंध्री’ही आज हाती नाही, हा मूकपटही नाही. राहिल्यात कलाकारांच्या याद्या.

मूकपटातली माणसंही कॅमेरा फिरताना तोंडानं काहीबाही बोलतच. पडद्यावर ओठ हलायचे आणि मागाहून पाटी यायची, कुणीतरी शुद्ध भाषेत लिहिलेली. गुलाबबाई त्या वेळी काय बोलत असतील? पौराणिक राणीच्या वेषात ‘काय वं, किती येळ उभं ऱ्हायचं?’ असं म्हणाल्या असतील, तर तेही पाटीत द्रौपदीचा विलाप म्हणून खपून गेलं असणार. माझ्या कल्पनेतली ही बाई मला फार आवडते. पिठाळ रंग फासलेला चेहरा, डोळ्यांवर दिव्यांची तिरीप, आणि काम आटपलं की परतायला घर म्हणजे तेच आवार.

1932 साली याच गावात प्रभात फिल्म कंपनीनं ‘अयोध्येचा राजा’ केला, पुन्हा हरिश्चंद्राचीच गोष्ट. दिग्दर्शक ‘सावकारी पाश’मधलाच तो शेतकरी. या खेपेला तारामती झाली मुंबईच्या सधन, शिकलेल्या घरातली बाई. तिच्या येण्यानं घरंदाज बायकांना सिनेमाचं दार उघडलं, असं सगळे लिहितात. पडद्यावर तिचं नाव जसंच्या तसं आलं : दुर्गा खोटे.