‘च’ आणि ‘ही’

मराठी भाषेतील ‘च’ हे अक्षर दिसावयास लहान. परंतु भरलेली घरे फोडण्याचे सामर्थ्य त्याच्या ठायी आहे. ‘हे माझे आहे’ या वाक्यावर बोलणी होऊ शकतात; ‘हे माझेच आहे’ असे म्हटले की वकील शोधावा लागतो. धर्मगुरू या नात्याने लोकांची गाऱ्हाणी ऐकताना हे अक्षर आमच्या कानांवर पुष्कळदा आदळले आहे. परंतु एकदा ते आमच्याच तोंडून निघाले. त्याची ही कबुली.

वसईतील एका धर्मग्रामात आम्ही नुकतेच रुजू झालो होतो. वाडीतल्या बावखलावरून हमरीतुमरीवर आलेले दोन सख्खे भाऊ एके दिवशी आमच्यासमोर येऊन बसले. वडिलांच्या हयातीत थोरल्याने ते बावखल उपसून खोल केले होते, त्याचे काठ बांधून काढले होते. ‘फादर, तिथला चिखल माझ्या अंगाला लागलाय,’ तो म्हणाला. धाकटा मुंबईत नोकरीला, स्वभावाने अबोल. ‘बावखल घराचं आहे,’ एवढेच तो म्हणाला. आम्ही जागा पाहावयास गेलो, ते थोरल्याच्या अंगणातून. चहाही त्याच्याच ओटीवर घेतला. आणि निवाडा दिला, ‘हे थोरल्याचेच.’ कायद्याने आमच्या शब्दाला काडीचीही किंमत नव्हती. गावात मात्र होती, आणि म्हणूनच आमची चूक मोठी. धाकटा ‘बरं, फादर’ म्हणून उठला. पुढच्या रविवारपासून तो मिस्सासाठी शेजारच्या चर्चमध्ये जाऊ लागला.

त्या पावसाळ्यात सेमिनरीतील जुन्या वह्या चाळताना जैन दर्शनावरील टिपणे हाती आली. अनेकान्तवाद, नयवाद, स्याद्वाद ही नावे परीक्षेसाठी आम्ही पाठ केली होती आणि परीक्षेनंतर यथावकाश विसरलोही होतो. आता ती पाने वाचताना कोणी आमचीच उलटतपासणी घेत असल्यासारखे वाटले.

जैन आचार्यांचे म्हणणे थोडक्यात असे : वस्तू अनंतधर्मात्मक आहे, तिच्या एखाद्या अंगाचे जे ज्ञान आपणांस होते, तो ‘नय’. तो खोटा नव्हे, फक्त अपुरा. परंतु हाच नय इतर अंगांना नाकारू लागला की त्याचा ‘दुर्नय’ होतो. ‘आहे’ हा नय. ‘आहेच’ हा दुर्नय. आचार्य समन्तभद्रांनी ‘आप्तमीमांसे’त दिलेला दाखला तर विसरता न येणारा आहे. सोनार सोन्याचा घट मोडून मुकुट घडवतो. घट हवा असणारा शोक करतो, मुकुट हवा असणारा हर्षतो, आणि ज्याला केवळ सोनेच हवे होते तो जागचा हलत नाही. सोने एकच, घटना एकच. मने तीन, आणि तिघांपैकी एकही खोटे बोलत नाही. ‘भगवतीसूत्रा’त कौशांबीची जयंती नावाची श्राविका महावीरांना विचारते, झोपणे चांगले की जागे राहणे? उत्तर मिळते : अधर्मी माणसाने झोपलेले बरे, धर्मशील माणसाने जागलेले बरे. प्रश्न एकच, पण तो कोणाविषयी आहे हे ठरल्यावाचून त्याला उत्तर नाही.

येथे आमच्यातील धर्मगुरू अस्वस्थ झाला. दर रविवारी श्रद्धाप्रकटन म्हणणाऱ्याने ‘प्रत्येकाचे सत्य वेगळे’ असे म्हणून कसे चालेल? एकाच वस्तूत परस्परविरुद्ध धर्म एकाच वेळी राहू शकत नाहीत, हा आक्षेप तर शंकराचार्यांनीही ब्रह्मसूत्रांवरील भाष्यात घेतला होता. परंतु अधिक वाचता आमचाच गैरसमज उघडा पडला. ‘स्यात्’ म्हणजे ‘कदाचित’ नव्हे; ‘अमुक एका अपेक्षेने’ असा त्याचा अर्थ आहे. मातीचा घट स्वतःच्या द्रव्याच्या, क्षेत्राच्या, काळाच्या आणि भावाच्या अपेक्षेने आहे. दुसऱ्या वस्तूच्या द्रव्यादिकांच्या अपेक्षेने नाही. आणि गंमत अशी की, जैन तार्किक ‘स्यादस्त्येव’ असे म्हणतात. त्यातला ‘एव’ म्हणजे आपला ‘च’च. तेव्हा ‘च’ला मज्जाव नाही, मात्र आपण कोणत्या काठावर उभे आहोत हे आधी सांगितले पाहिजे. मग त्या काठापुरते ठामपणे बोलण्यास हरकत नाही. सत्य अनेक आहेत असे नव्हे. सत्य आपल्या मुठीहून मोठे आहे.

आणि हे आम्हांस परके तरी का वाटावे? दुसऱ्या शतकात तातियन नामक सिरियन लेखकाने चारही शुभवर्तमाने एकत्र गुंफून एकच सलग ग्रंथ तयार केला. सिरियाच्या ख्रिस्तसभेत तो पाचव्या शतकापर्यंत वाचला जात असे. कथा सलग झाली, विसंगती दूर झाल्या. तरीही ख्रिस्तसभेने अखेर चार शुभवर्तमानेच जतन केली. मत्तय आणि लूक यांच्या जुळत नसलेल्या वंशावळींसकट. तारणारा एकच, साक्षीदार चार. कोणाचीही साक्ष पुसली गेली नाही. आम्ही मात्र दोन भावांपैकी एकाची साक्ष ऐकलीच नव्हती.

अखेर एका संध्याकाळी आम्ही धाकट्याच्या दारी गेलो. ‘त्या दिवशी तुला काही विचारलंच नाही, ते विचारायला आलो आहे,’ असे म्हणालो. तो बराच वेळ गप्प राहिला. मग सांगू लागला : बावखल खोल करण्याची मजुरी, दगड, चुना, सारे त्याच्या पहिल्या तीन वर्षांच्या पगारातून आले होते. दर महिन्याला तो पैसे आईच्या हाती देत असे. ‘सांगितलं असतं तर दादाच्या कष्टाला कमी लेखल्यासारखं झालं असतं, फादर.’

ज्याला आम्ही दुबळी बाजू समजलो, ती माया होती. आम्ही हे थोरल्यास जाऊन सांगितले आणि आमचा निवाडा चुकला होता हेही त्याच्या ओटीवर बसून कबूल केले. तो बावखलाकडे पाहत राहिला. ‘पैसे त्याचेच होते,’ तो शेवटी म्हणाला. श्रमाच्या अपेक्षेने थोरल्याचेच, पैशाच्या अपेक्षेने धाकट्याचेच : दोन्ही ‘च’ खरे होते, खोटा होता तो केवळ आमचा.

भावांत पूर्वीचा जिव्हाळा परतला असे म्हणणे धाडसाचे होईल. परंतु त्या बावखलावर पुढे दोन पंप बसले आणि पाण्याच्या पाळ्या ठरल्या. धाकटा आमच्या चर्चमध्ये परत आला, तो नाताळच्या मध्यरात्रीच्या मिस्साला. मागच्या बाकावर बसला.

तेव्हापासून आमच्याकडे कोणी गाऱ्हाणे घेऊन आले, की आम्ही जागा पाहावयास दोनदा जातो. एकदा या काठाने, एकदा त्या काठाने. आणि चहा दोन्ही घरी घेतो.