हप्त्यांचे घर
नव्याने संसार मांडणाऱ्या जोडप्याने सोफा, फ्रिज, कपाट आणि वॉशिंग मशीन एकाच आठवड्यात हप्त्यांवर घरी आणावीत, यात निषेधार्ह असे काही आहे, असे मी मानीत नाही. कारण ज्या पिढीने लोखंडी कपाटासाठी वर्षानुवर्षे पैसा साठविला, तिच्या घरी ते कपाट आले तोवर त्यात ठेवावयाचे शालू विरून गेले होते, आणि अशा प्रतीक्षेला निव्वळ सद्गुण म्हणणे हा वार्धक्याचा पक्षपात होय.

मला कुतूहल आहे ते या व्यवहारात तारण कशाचे पडते, याचे. जुना सावकार खत लिहून घेई ते जमिनीवर, बैलजोडीवर, नाहीतर घरधनिणीच्या दागिन्यांवर. म्हणजे जे आधीच कमावलेले आणि डोळ्यांना दिसणारे, त्यावर. एका वेळी मुद्दलाहून अधिक व्याज वसूल करू नये, ही दामदुपटीची मर्यादा धर्मशास्त्राने त्याला घातली होती. आणि तरीही जाच असह्य झाला तेव्हा १२ मे १८७५ रोजी पुणे जिल्ह्यातील सुपे येथे रयतेने त्याच्या वह्या जाळल्या. जाचाला चेहरा होता, म्हणून संतापालाही दिशा होती.

आजचा हप्ता दागिना मागत नाही. तो पगाराचा दाखला मागतो, आणि न उगवलेले महिने गहाण ठेवून घेतो. रोखीने ५७,००० रुपयांना मिळणारी वस्तू ५,००० रुपयांच्या १२ हप्त्यांत ‘बिनव्याजी’ म्हणून दिली, तर सोडलेल्या सवलतीच्या रूपाने ३,००० रुपये व्याज आकारलेच जाते. शून्य टक्के व्याज अशी काही चीजच नसते, असे रिझर्व्ह बँकेनेही सप्टेंबर २०१३ मध्ये बँकांना बजावले होते.

तथापि हे ३,००० रुपये मला फारसे खुपत नाहीत. त्या वर्षात तिला नोकरी सोडून पुढे शिकावेसे वाटले, किंवा वरिष्ठांच्या अन्याय्य हुकुमापुढे मान तुकविण्यापेक्षा त्याला राजीनामा द्यावासा वाटला, तर त्या घरात दोघांच्याही आधी हप्ता बोलतो, हे मात्र खुपते. म्हणून दुकानदारास ‘महिन्याला किती?’ असे विचारण्यापूर्वी नवराबायकोने एकमेकांस विचारावे, की ही मुदत सरेतो आपल्याला कोणास ‘नाही’ म्हणता येईल काय? येत असेल तर सोफा खुशाल आणावा; येत नसेल तर आणखी वर्षभर सतरंजीवर बसण्यात कसलाही कमीपणा नाही.