वेशीतून चालताना

मराठवाड्याच्या माणसाला ‘वेस’ हा शब्द समजावून सांगावा लागत नाही. आमच्या बिलोली परिसरातील जुन्या गावांत आजही एखादी दगडी कमान उभी दिसते. कवाडे केव्हाच गेलेली असतात, माथ्यावर पिंपळाचे रोप उगवलेले असते आणि खाली म्हातारी माणसे ऊन खात बसलेली असतात. नवरदेवाची वरात वेशीत थांबते, पाहुण्याला निरोप द्यायला वेशीपर्यंत जातात, गावाची अब्रू वेशीवर टांगली जाते. परंतु या शब्दाला दुसरीही एक बाजू आहे. काही घरे वेशीच्या बाहेर असत. माझ्या आजोबांचे घर तसे होते.

हे सांगण्याचे कारण असे की, गेल्या जानेवारीत मी वेशींचेच म्हणून प्रसिद्ध असलेले एक शहर पायी हिंडून पाहिले. औरंगाबाद, म्हणजे २०२३ पासूनचे छत्रपती संभाजीनगर. १९७७ साली अमरावतीपासून वेगळा होऊन आमचा धर्मप्रांत स्थापन झाला, तेव्हापासून महागुरूंचे आसन याच शहरात आहे. त्यामुळे धर्मप्रांताच्या मेळाव्यांना आम्ही नांदेडकडची मंडळी तेथे जातच असतो. पण ते जाणे म्हणजे स्थानकावरून रिक्षात बसणे आणि कार्यक्रम आटोपून पुन्हा रिक्षात बसणे. माझी लेक व जावई आता तेथेच राहतात. जावई म्हणाले, “बाबा, शनिवारी सकाळी जुने शहर पायी दाखवणारी एक फेरी निघते. माहिती सांगणारे गृहस्थ बरोबर असतात. येता का?” मी होकार दिला. माझी दहा वर्षांची नातही हट्टाने निघाली.

साडेसहाला आम्ही पंधरा-सोळा जण भडकल दरवाजापाशी जमलो. आमचे वाटाडे इतिहासाचे निवृत्त प्राध्यापक होते. दखनी वळणाची उर्दू आणि शुद्ध मराठी यांचे त्यांच्या तोंडी सुरेख मिश्रण होते. बिलोलीत मराठी, तेलुगू आणि उर्दू एकाच बाजारात ऐकत वाढलेल्या माझ्या कानाला ते फार आपलेसे वाटले. त्यांनी प्रथम सर्वांना कमानीखाली उभे केले आणि दोन मिनिटे काहीच न बोलता वर पाहायला सांगितले. वर पाहिल्यावरच कळते की हा नुसता दरवाजा नव्हे. टोकदार कमानी, जाड भिंती, मध्ये घुमटाचे छत आणि काळ्या दगडाचा तो धिप्पाड भार. शहराच्या उरलेल्या दरवाजांत हा सर्वांत मोठा. १६१२ च्या सुमारास मोगलांवरील विजयाची खूण म्हणून मलिक अंबरने तो उभारला असे सांगतात.

मलिक अंबरची हकिकत प्राध्यापकांनी तेथेच, दुधाच्या गाड्यांच्या आवाजात, सांगितली. सोळाव्या शतकाच्या मध्यास इथिओपियात जन्मलेला हा मुलगा गुलाम म्हणून विकला गेला. एका बाजारातून दुसऱ्या बाजारात, एका धन्याकडून दुसऱ्या धन्याकडे, असे करीत तो अहमदनगरच्या निजामशाहीत पेशवा असलेल्या चंगीझखानाच्या पदरी आला. धन्याच्या मृत्यूनंतर तो मुक्त झाला, शिपाई झाला, सरदार झाला आणि शेवटी सारी निजामशाही त्याच्या खांद्यावर उभी राहिली. दिल्लीच्या बादशहाला त्याने वर्षानुवर्षे दक्षिणेत पाय रोवू दिला नाही. १६१० साली खडकी या खेड्याच्या जागी त्याने हे शहर वसवले. १६२६ मध्ये तो वारला. मुलगा फतेहखान याने गावाचे नाव फतेहनगर ठेवले आणि पुढे १६५३ मध्ये औरंगजेब दख्खनचा सुभेदार होऊन आल्यावर ते औरंगाबाद झाले. ज्याला स्वतःचे मूळ नावही राखता आले नाही, अशा माणसाने वसवलेल्या शहराने इतकी नावे बदलावीत, याचे मला नवल वाटले.

मग शहरातील पुऱ्यांची गोष्ट निघाली. मोगल फौजेबरोबर आलेल्या मोठ्या सरदारांनी आपापल्या छावण्यांभोवती वस्त्या वसवल्या आणि त्या त्यांच्या नावाने ओळखल्या जाऊ लागल्या. जयसिंगपुरा, कर्णपुरा, पहाडसिंगपुरा. राजस्थान-बुंदेलखंडातल्या राजांची नावे मराठवाड्याच्या रिक्षावाल्यांच्या तोंडी आहेत, ती अशी. सर्वजण आपापल्या ओळखीचा पुरा सांगू लागले. तेवढ्यात माझ्या नातीने मोठ्याने विचारले, “आजोबा, आणि आपण तेव्हा कुठे राहत होतो?”

मुलांच्या प्रश्नाला मोठी माणसे हसतात, तसे काही जण हसले. प्राध्यापक हसले नाहीत. त्यांनी छडीने कमानीच्या पायातला एक चिरा दाखवला आणि म्हणाले, “बेटा, हा दगड खाणीतून कोणीतरी काढला, कोणीतरी घडवला, कोणीतरी डोक्यावरून आणला. त्यांच्या नावाचा पुरा या शहरात नाही.” नातीचे समाधान झाले की नाही कोण जाणे. माझ्या मनात मात्र तो प्रश्न पुढची सारी वाट चालत राहिला.

भडकल दरवाजाजवळच डॉ. बाबासाहेब आंबेडकरांचा पुतळा आहे. १४ एप्रिलला आणि ६ डिसेंबरला येथे माणसांना उभे राहायला जागा नसते. एका विजयी सेनापतीने बांधलेली ही कमान आज ज्यांचे एकत्र येण्याचे ठिकाण झाली आहे, त्यांच्या पूर्वजांना गावाच्या वेशीत मानाने पाऊल टाकता येत नव्हते. प्राध्यापकांनी यावर भाष्य केले नाही. ते पुतळ्यापुढे क्षणभर थांबले, आम्हीही थांबलो.

तेथून मक्का दरवाजाकडे जाताना तटबंदीची माहिती मिळाली. मराठ्यांच्या स्वाऱ्यांच्या धास्तीने औरंगजेबाने १६८२ मध्ये शहराभोवती तट बांधवला. उत्तरेला दिल्ली, पूर्वेला जालना, दक्षिणेला पैठण आणि पश्चिमेला मक्का, असे चार मुख्य दरवाजे आणि त्यांच्या मधूनमधून लहान दरवाजे व खिडक्या. ‘बावन्न दरवाजांचे शहर’ ही म्हण त्यातून आली. आज डझनभराच्या आसपास दरवाजे उभे आहेत. जालना दरवाजा तर नावापुरताच उरला आहे. तट गेला की दरवाजा एकटा पडतो. मग त्याच्या दोन्ही बाजूंनी रस्ता काढतात आणि तो रहदारीच्या मध्ये बेटासारखा उभा राहतो. जेथे बाजूने वाट काढता येत नाही, तेथे तीन शतकांपूर्वी हत्ती-घोड्यांसाठी केलेल्या कमानीतून आजच्या मोटारी एकामागून एक निघतात.

अशा दरवाजाची रचना कशी असते, हेही प्राध्यापकांनी समजावले. हत्तीने धडक देऊ नये म्हणून कवाडांवर लोखंडी खिळे. मोठे कवाड बंद असताना एकेका माणसाने वाकून आत यावे म्हणून त्यातच ठेवलेला दिंडी दरवाजा. वर पहारेकऱ्यांच्या खोल्या, तटावर बंदुकीसाठी जंग्या. दिवेलागणीनंतर दरवाजा बंद झाला की उशिरा आलेल्या वाटसरूने रात्र बाहेर काढायची. एका बाईंनी विचारले, “बाहेर म्हणजे कुठे?” ते म्हणाले, “झाडाखाली, नाहीतर बाहेर राहणाऱ्यांच्या ओट्यावर.” मला आजोबांचा ओटा आठवला.

मक्का दरवाजापाशी खाम नदीवरचा जुना पूल आहे. नदीच्या कडेने आम्ही महमूद दरवाजाजवळ पाणचक्कीत पोहोचलो. येथवर ऐकलेल्या लढाया आणि नावे माझ्या मनातून पाण्याने पुसून टाकली. १६१७ च्या सुमारास मलिक अंबरने शहरासाठी नहर बांधली. उत्तरेच्या डोंगरपायथ्याचे पाझर जमिनीखालच्या दगडी बोगद्यात गोळा करायचे, उताराने शहरात आणायचे आणि खापरी नळांतून वाड्यांना, मशिदींना व सार्वजनिक हौदांना पुरवायचे, अशी ती योजना. मार्गात ठिकठिकाणी साफसफाईसाठी विहिरीसारखी तोंडे ठेवलेली आणि पाण्याचा जोर आवरण्यासाठी उंच खांबांसारखे बंबे उभारलेले. पंप नाही, इंजिन नाही. जमिनीचा उतार तेवढा अचूक ओळखलेला. पुढच्या काळात याच रीतीने आणखी नहरी झाल्या. पाणचक्कीची नहर त्यांपैकीच एक.

बुखाऱ्याकडून आलेले सूफी संत बाबा शाह मुसाफिर यांचा दर्गा येथे आहे. १७४४ च्या सुमारास येथे पाण्यावर चालणारी चक्की बसवली गेली. उंच भिंतीवरून पाणी पडते, त्याच्या जोराने खालचे पात्यांचे चक्र फिरते आणि वरचे जाते दळू लागते. फकिरांसाठी, वाटसरूंसाठी आणि सैनिकांसाठी येथे पीठ दळले जाई. मोठ्या हौदाच्या तळाखाली प्रशस्त दालन आहे. डोक्यावर पाणी असल्याने ते भर उन्हाळ्यात थंड राहते. बादशहांच्या कबरी पाहून मन दबते. येथे मात्र भुकेल्याची भाकरी डोळ्यांपुढे येते.

हौदाच्या काठावर सर्वजण टेकले, तेव्हा मी नातीला तिच्या प्रश्नाचे उत्तर दिले. तिला सांगितले की, माझी आजी गावच्या विहिरीवर घागर घेऊन जाई, पण विहिरीच्या पायऱ्या उतरत नसे. दूर उभी राहून वाट पाही. कोणाला दया आली तर तो वरून तिच्या घागरीत पाणी ओती. कधी सकाळची दुपार होई. ती म्हणाली, “का?” मी म्हणालो, “आपले घर वेशीबाहेर होते म्हणून.” तिने हौदातले पाणी पाहिले आणि विचारले, “मग देवळात फादर सांगतात ती विहिरीवरची बाई?” शमरोनी स्त्रीची कथा तिला पाठ आहे. याकोबाने खोदलेल्या विहिरीवर प्रभू थकून बसला आणि जिच्या हातचे पाणी कोणी यहुदी घेत नसे, तिच्याकडेच त्याने पाणी मागितले. आजोबांच्या पिढीला मिशनऱ्यांच्या तोंडून ही कथा ऐकताना काय वाटले असेल, ते मला त्या हौदाच्या काठी प्रथमच स्पष्ट दिसले. त्यांच्यासाठी ती दूरदेशची गोष्ट नव्हती. कालच्या सकाळची होती.

फेरीचा शेवट मकबऱ्यापाशी होता. वाटेत प्राध्यापकांनी नागसेनवनाची दिशा दाखवली. १९५० साली बाबासाहेबांच्या पीपल्स एज्युकेशन सोसायटीने तेथे मराठवाड्यात महाविद्यालय सुरू केले, तेच पुढे मिलिंद महाविद्यालय म्हणून नावारूपास आले. माझे धाकटे काका तेथे शिकले. लोखंडी पेटी डोक्यावर घेऊन ते स्थानकापासून तेथवर चालत गेले होते. मी नातीला ती दिशा पुन्हा दाखवली आणि म्हणालो, “या शहरात आपण तेथून आत आलो.”

बीबीचा मकबरा पाहून लोक ताजमहालाशी तुलना करतात आणि नाक मुरडतात. प्राध्यापकांनी तुलना टाळली. संगमरवर घुमटाला आणि भिंतींच्या खालच्या भागाला. बाकी काळा दगड आणि त्यावर चुन्याचा गिलावा. मोगलांच्या खर्चाच्या मानाने ही इमारत काटकसरीची. नोंदीतला खर्च आहे सहा लाख अडुसष्ट हजार दोनशे तीन रुपये सात आणे. आण्यापर्यंतचा हा हिशोब ऐकून सारे हसले. पण मला अधिक मोलाची वाटली ती मुख्य प्रवेशद्वारावरची नोंद. तेथे दोन नावे आहेत: रचना करणारा अताउल्ला आणि बांधकाम पाहणारा हंसपत राय. बेगमेच्या कबरीच्या दारावर दोन कसबी माणसांची नावे, एक मुसलमान आणि एक हिंदू. खाणीतल्या माणसाचे नाव अजूनही नाही. तरी नावे लिहिण्याची सुरुवात तेथे झालेली दिसते.

आपल्या कुटुंबांतील पुष्कळ मुले आता शहरांत वाढत आहेत. त्यांना इतिहास म्हणून राजे आणि लढाया ठाऊक असतात. ‘आपण तेव्हा कुठे होतो’ हे विचारायला त्यांना कोणी शिकवत नाही, आणि विचारलेच तर आपण विषय बदलतो. घराण्याची जुनी लाज मुलांना कळू नये, असे आपल्याला वाटते. पण ती लाज आपली नव्हती. ती विहिरीच्या पायऱ्या अडवणाऱ्यांची होती. मुलांना दगडी कमान दाखवायची तर तिच्या दोन्ही बाजू दाखवाव्या लागतील.

बिलोलीत परतल्यावर मी शाळेतल्या मुलांना घेऊन एका रविवारी दुपारी गावातून फेरी काढली. सर्व समाजांची मिळून अकरा मुले आली. प्रथम नवाब सरफराजखानाच्या नावाने ओळखली जाणारी, मोगल काळातली दगडी मशीद बाहेरून पाहिली. तेथल्या वृद्ध गृहस्थांनी मुलांना चिऱ्यांचे सांधे हाताने चाचपून पाहायला लावले. देगलूर तालुक्यातल्या होट्टलची चालुक्यकालीन मंदिरे पुढच्या वेळी पाहायचे ठरले आहे. शेवटी आम्ही जुनी वस्ती जेथे संपत असे तेथे गेलो. एक म्हातारी दारात शेंगा फोडत बसली होती. मुलांनी तिला जुनी विहीर कुठे होती ते विचारले. ती उठली, पदर सावरला आणि “चला, दाखवते” म्हणून आमच्या पुढे चालू लागली.