काळाची किल्ली

"मामा, काळाची किल्ली तुमच्या हातीं आली, तर तुम्ही काय कराल?" परवां माझ्या भाच्यानें मला विचारलें. तो नुकतीच एक विज्ञानकथा वाचून उठला होता. तींतला नायक एक लहानसें यंत्र खिशांत बाळगतो. कळ उजवीकडे फिरवली कीं काळ धांवूं लागतो, डावीकडे फिरवली कीं रेंगाळतो, आणि मधोमध ठेवली कीं जागच्या जागीं उभा राहतो. मी म्हणालों, "दंतवैद्याच्या खुर्चींत तो धांवता ठेवीन आणि आमरसाच्या पंगतींत रेंगाळता." भाचा हंसला. पण थट्टेवारी नेलेला तो प्रश्न रात्रीं उशाशीं येऊन बसला. वाचकांपैकीं कोणाला तो कधींच पडला नसेल, असें मला वाटत नाहीं.

ही हौस आजकालची नव्हे. पुराणांतला रैवत राजा आपल्या रेवतीसाठीं वर विचारायला ब्रह्मदेवाकडे गेला. तेथें गाणें चाललें होतें. तें संपेपर्यंत तो थांबला, आणि तेवढ्यांत पृथ्वीवर २७ चतुर्युगें उलटून गेलीं. परतून पाहतो तों ओळखीचें एकही माणूस उरलेलें नाहीं! लहानपणीं ही कथा ऐकतांना मला मोठी गंमत वाटे. त्या राजाच्या पोटांत तेव्हां काय कालवलें असेल, हा विचार मात्र मनाला शिवला नव्हता.

देवादिकांना जें सहज जमलें, तें सरकारांनींही करून पाहिलें आहे. १९०६ सालीं हिंदुस्थानाला एकच प्रमाणवेळ लागू झाली. मुंबईची वेळ तिच्यामागें ३९ मिनिटें होती. हीं मिनिटें सोडायला मुंबईकर राजी होईनात, आणि तेथील म्युनिसिपालिटीनें आपली जुनी वेळ पुढें कित्येक वर्षें सांभाळली. दुसऱ्या महायुद्धांत तर १९४२ पासून १९४५ पर्यंत घड्याळें एक तास पुढें करून ठेवलीं होतीं. परंतु काट्यांची ही ओढाताण सूर्याच्या कानावर कधीं गेलीच नाहीं.

शास्त्रज्ञांच्या हातीं जी किल्ली आहे, ती मात्र खरी आहे. आणि एके दिवशीं ती आमच्या बांधावर येऊन पोंचली. माझें गांव बिडकीन. छत्रपति संभाजीनगराहून पैठणला जातांना तें वाटेवर लागतें. तेथें औद्योगिक वसाहतीसाठीं जमिनी घेण्याचें ठरलें, तेव्हां मोजणीवाले एक यंत्र घेऊन आले. तें आकाशांतल्या उपग्रहांना विचारून जागा सांगे. मी मोठ्या ऐटींत आबांना, म्हणजे माझ्या वडिलांना, त्याचें मर्म समजावून देऊं लागलों. उपग्रह वीस हजार किलोमीटर उंचीवर असतात. तेथें गुरुत्वाकर्षण क्षीण, म्हणून त्यांतलीं घड्याळें दिवसाला ४५ मायक्रोसेकंद पुढें जातात, आणि वेगामुळें ७ मागें पडतात. मायक्रोसेकंद म्हणजे सेकंदाचा दहा लाखावा भाग. उरलेले ३८ भरून काढण्यासाठीं तीं घड्याळें मुळांतच किंचित् संथ करून वर पाठवितात. तसें केलें नाहीं, तर एका दिवसांत सुमारें दहा किलोमीटरांची चूक पडेल आणि आपलें शेत पैठणच्या वाटेवर कोठल्या कोठें जाऊन बसेल!

आबांनीं सारें शांतपणें ऐकून घेतलें आणि विचारलें, "मग एवढी तूर निघेपर्यंत थांबतां येईल का रे?"

थांबतां येत होतें. सही करण्याची मुदत संपायला अजून चार महिने होते. तूर फुलावर आली होती. पौषांत ती घरांत आली असती. पण मला पुण्याला घर घ्यायचें होतें, आणि त्याची किंमत महिन्यागणिक चढत होती. मी म्हणालों, "आबा, एका तुरीसाठीं काय थांबायचें?" ते कांहीं बोलले नाहींत. दुसऱ्या दिवशीं त्यांनीं सही केली, आणि तेथून ते थेट शेतावर गेले. परतले ते अंधार पडल्यावर.

एकाच घरांत, एकाच संध्याकाळीं, त्या किल्लीला दोघांचे हात लागले होते. आबा ती डावीकडे ओढीत होते आणि मी उजवीकडे. माझ्या हातांत जोर अधिक होता, एवढेंच.

पुण्याचें घर झालें. आबा तेथें एकदांच येऊन राहिले. पुढच्या पावसाळ्यांत, ऐन पेरणीच्या दिवसांत, ते गेले.

२९ सप्टेंबर २०२४ रोजीं बिडकीनच्या ७,८५५ एकरांच्या औद्योगिक क्षेत्राचें लोकार्पण झालें. त्यानंतर मी एकदां तेथें जाऊन आलों. रुंद रस्ते, दिव्यांचे खांब, आंखीव भूखंड. त्यांत वाईट असें कांहींच नाहीं. गांवच्या मुलांना तेथें कामें मिळावींत, अशीच माझी इच्छा आहे. पण आमचा बांध कांहीं केल्या ओळखूं येईना. रैवत राजाचें दुःख मला त्या दिवशीं उमगलें. शेवटीं खिशांतला फोन काढला आणि मोजणीच्या जुन्या कागदावरचे आंकडे त्यांत घातले. त्यानें मला चार-दोन पावलांच्या फरकानें शेताच्या कोपऱ्यावर नेऊन उभें केलें. जागा सांपडली. आबांनीं मागितलेले चार महिने मात्र कोणत्याही उपग्रहाला सांपडण्याजोगे नव्हते.

सकाळीं भाचा पुन्हां आला. पुढल्या महिन्यांत तो शिकायला बंगळूरला जायचा आहे, आणि मधले दिवस त्याला सरतां सरत नाहींत. "मी तर बुवा ती कळ उजवीकडे पार टोंकापर्यंत फिरवीन!" तो म्हणाला. स्वयंपाकघराच्या दारांत माझी बहीण त्याच्याबरोबर द्यायच्या फराळाचे डबे भरीत बसली होती. तिनें मान वर केली नाहीं. पण तिचा हात क्षणभर थांबला.

मी म्हणालों, "फिरव हो. पण त्याआधीं एकदां आईला विचार."