दोष हाताचा की दांड्याचा?

घरात जुनी व्हॅन असेल, तर तिच्या खोडी तुम्हाला तोंडपाठ असणार. सरकता दरवाजा कुठे अडकतो, खिडकीची काच कुठवर चढते, पावसाळ्यात कोणत्या कोपऱ्यातून पाणी ठिबकतं. या खोडींची आपल्याला इतकी सवय होते की त्यातली एखादी खोड नसून बिघाड आहे, हे पुष्कळ दिवस कळतच नाही. गिअरचा ढिला झालेला दांडा हा तसाच बिघाड. तो एका दिवसात होत नाही. वर्षांमागून वर्षं थोडा थोडा वाढतो आणि चालवणाऱ्याचा हात त्याला सांभाळून घेत राहतो.

आमच्याकडे, इंदूरला, हा हात बाबांचा. गाडी मारुती ओम्नी, आठ आसनांची. मारुतीने ही व्हॅन 1984 मध्ये आणली, 1988 मध्ये तिला ओम्नी हे नाव मिळालं आणि 2019 मध्ये तिचं उत्पादन थांबलं. तीन सिलिंडरचं 796 सीसीचं छोटंसं इंजिन, तेही पुढच्या सीटखाली. शाळेची मुलं, लग्नाचं सामान, भाजीच्या पाट्या, रुग्णवाहिका, हिने काय काय वाहिलं नाही! आमच्या ओम्नीने वाहिलं ते आईचं भजनी मंडळ. सहा-सात बायका, एक पेटी, तबल्याची जोडी, टाळांची पिशवी आणि चालवायला बाबा. मंडळाचं सगळं येणं-जाणं या एका गाडीवर.

मागच्या वर्षी खंडवा रस्त्याला भेरूघाटात चढावर गाडी थांबली आणि पुन्हा निघेना. बाबांनी पहिला गिअर टाकला, क्लच सोडला आणि इंजिन बंद. पुन्हा तेच. मागे ट्रकचे हॉर्न, आत बायका चिडीचूप. तिसऱ्या खेपेला गाडी निघाली. घरी आल्यावर बाबा कुणाला काही बोलले नाहीत. दोन दिवसांनी जेवताना सहज सांगावं तसं म्हणाले, "आता मी गाडी सोडतो. हातात जोर राहिला नाही माझ्या. गिअर पडत नाही मला."

बाबांचं वय त्र्याहत्तर. त्यामुळे कुणालाच हे वाक्य खोटं वाटलं नाही. नातेवाइकांनी तर "बरंच केलंत" म्हणून टाकलं. मंडळातल्या एक काकू म्हणाल्या, "आपण आता घरच्या घरीच भजन करू." आई गप्प राहिली.

मी दुसऱ्या दिवशी स्वतः गाडी घेऊन निघाले. पहिल्याच सिग्नलला पहिल्याऐवजी तिसरा गिअर पडला आणि इंजिन बंद. माझं वय बाबांच्या निम्म्याहून थोडं जास्त, हाताला काही झालेलं नाही. मग दोष कुणाचा?

दांडा ते गिअरबॉक्स

हा बिघाड समजायला फार शिक्षण लागत नाही. आपण हातात धरतो तो दांडा म्हणजे गिअर नव्हे. गिअर असतात गिअरबॉक्समध्ये, तेलात बुडालेले. ओम्नीमध्ये इंजिन सीटखाली आणि गिअरबॉक्स त्याच्या मागे, म्हणून दांडा आणि गिअरबॉक्स यांच्यात बरंच अंतर पडतं. हाताची हालचाल तिथवर न्यायला गाडीच्या पोटाखालून सळ्या जातात. सळ्या, त्यांचे सांधे, सांध्यांतल्या पिना आणि त्या पिनांभोवती बसवलेले नायलॉनचे किंवा रबराचे छोटे बुश, या सगळ्याला मिळून लिंकेज म्हणतात.

दांड्याला दोन कामं असतात. डावीकडे-उजवीकडे हलवून आपण गिअरची ओळ निवडतो. पुढे-मागे ढकलून त्या ओळीतला गिअर टाकतो. बुश झिजला की पिन आणि भोक यांच्यात फट पडते. मग हात हलतो, पण त्यातली थोडी हालचाल ती फट भरण्यातच जाते. एका सांध्यात एक मिलिमीटर ढिलाई असेल तर एवढं जाणवणार नाही. पण सांधे चार असतील, तर चारही ठिकाणची ढिलाई एकात एक मिळते. त्यात दांडा वरच्या बाजूला लांब आणि खाली आखूड. त्यामुळे खालची मिलिमीटरभर ढिलाई वर मुठीपाशी कितीतरी मोठी होऊन दिसते. न्यूट्रलमध्ये दांडा पळीसारखा ढवळता येऊ लागला, तर समजा की सांधे गेले.

ओळ निवडायच्या हालचालीत ढिलाई आली की चुकीची ओळ लागते, म्हणजे पहिल्याच्या जागी तिसरा. पुढे-मागेच्या हालचालीत आली की गिअर अर्धवट बसतो आणि खड्ड्यात गाडी उसळली की निसटतो. चढावर हे दोन्ही धोक्याचं. गर्दीत रिव्हर्स टाकला असं वाटावं आणि गाडी पुढे जावी, हे तर त्याहून वाईट.

बुश झिजतात ती कारणंही साधी आहेत. ते गाडीच्या पोटाखाली, धूळ-चिखलात, इंजिनाच्या उष्णतेजवळ असतात. वरचं रबरी आवरण फाटलं की धूळ आत जाते, ग्रीसमध्ये मिसळते आणि ते ग्रीस पॉलिश पेपरसारखं काम करू लागतं. वंगण वाळलं की नायलॉन कोरडा घासतो. त्यात कुणाचा दोष नाही. तो भाग झिजण्यासाठीच केलेला असतो, म्हणजे महागाची सळई आणि पिन वाचावी.

खर्च करण्याआधी तीन तपासण्या

आम्ही आधी ज्या गॅरेजमध्ये गेलो, तिथे दांडा दोनदा हलवून "गिअरबॉक्स उतरवून खोलावा लागेल" असं सांगितलं गेलं. गाडीच्या आजच्या किमतीच्या मानाने तो खर्च ऐकून बाबा म्हणाले, "भंगारात द्या." गाडी घरी आणली आणि पुढच्या तपासण्या अंगणातच केल्या. तुम्हालाही त्या करता येतील.

पहिली: इंजिन बंद ठेवून सगळे गिअर टाकून पाहा. बंद इंजिनावर सगळे सहज पडतात, पण चालू इंजिनावर कडक जातात किंवा करकरतात, तर संशय क्लचवर घ्या. ओम्नीत क्लचला केबल असते. ती ताणली गेली की क्लच पुरता सुटत नाही. पुष्कळदा केबल नीट ताणून दिली की काम भागतं.

दुसरी: त्रास एकाच गिअरला आहे का? फक्त दुसरा करकरतो किंवा फक्त तिसरा निसटतो, बाकी सगळे ठीक, असं असेल तर दोष गिअरबॉक्सच्या आत असू शकतो. सगळेच गिअर शोधावे लागत असतील आणि दांडा लटलटत असेल, तर आधी लिंकेज पाहा.

तिसरी सगळ्यात मोलाची, आणि तिला दोन माणसं लागतात. गाडी सपाट जागी, इंजिन थंड आणि बंद, किल्ली काढून खिशात, हँडब्रेक ओढलेला, चाकांना दगड लावलेले. एकाने वर बसून दांडा हळूहळू हलवायचा, दुसऱ्याने खाली टॉर्च धरून प्रत्येक सांधा पाहायचा. जिथे पिन हलते पण पुढची सळई हलत नाही, तिथे हालचाल हरवते. गाडी उचलायची असेल तर नुसत्या जॅकवर ठेवून खाली शिरू नका. पक्के स्टँड लावा, नाहीतर खड्डा किंवा लिफ्ट असलेल्या गॅरेजमध्ये जा. जॅक सरकायला क्षण पुरतो.

बाबा वर बसले होते, मी खाली. "हलवा," म्हटलं की ते हलवायचे. दुसऱ्याच सांध्यात मला दिसलं. पिन भोकात पुढे-मागे डुलत होती आणि सळई जागची हलत नव्हती. बुशाचा एक तुकडा तर ग्रीसमध्ये चिकटून लोंबत होता. मी म्हटलं, "बाबा, खाली या. तुमचा हात इथे अडकलाय."

ते चटईवर आडवे झाले. बराच वेळ टॉर्च मारून पाहत राहिले. मग फक्त म्हणाले, "एवढंसं?"

काम कसं झालं

पुढचं काम आम्ही आमच्या वस्तीतल्या एका जुन्या मिस्त्रीकडून करून घेतलं. त्यांच्याकडे खड्डा होता आणि असल्या गाड्या त्यांच्या हाताखालून शेकड्यांनी गेलेल्या. त्यांनी एकदाच दांडा हलवला आणि म्हणाले, "बुश गए हैं बाऊजी, आप नहीं." हे वाक्य बाबांनी त्या आठवड्यात भेटेल त्याला ऐकवलं.

तुम्ही असं काम करून घ्याल तेव्हा काही गोष्टींकडे लक्ष ठेवा. सळई सोडवण्याआधी तिच्या जागेवर रंगाची खूण करावी, म्हणजे पुन्हा बसवताना अंदाज राहतो. सांधे घासलेटात ब्रशने धुऊन कोरडे करावेत. घाणीवर नवा बुश बसवला तर तोही लवकर जाईल. मग पिनेवरून नख फिरवावं. नख कुठे अडकलं, पायरी लागली, तर पिनही झिजली आहे आणि तीही बदलायला हवी. भोक गोल न राहता लांबट झालं असेल, तर त्यात नवा बुश टिकत नाही. तो भाग नवा घ्यावा किंवा लेथवाल्याकडून भरून, पुन्हा गोल करून घ्यावा. आमच्या एका पिनेला पायरी होती, भोकं मात्र शाबूत होती.

बुश एकेक न बदलता सगळे एकदम बदलावेत. एक नवा आणि तीन जुने असले तर ढिलाई तिघांची उरतेच, आणि मजुरी पुन्हा पडते. जुन्या स्प्लिट पिना परत वाकवून वापरू नयेत. त्या कधीही तुटतात आणि मग भर रस्त्यात दांडा हातात आणि गिअर गायब. ग्रीस बेताचं लावावं. थापून लावलं की तेवढी धूळ जास्त चिकटते. फाटलेलं रबरी आवरण बदललं नाही, तर सगळी मेहनत पुढच्या पावसाळ्यात वाहून जाते.

शेवटी जुळवणी. गिअरबॉक्स न्यूट्रलमध्ये, दांडा सरळ मधोमध, मग नट आवळायचे. त्यानंतर इंजिन बंद ठेवून प्रत्येक गिअर, रिव्हर्ससकट, दोन-चारदा टाकून पाहायचा आणि मगच गाडी मोकळ्या रस्त्यावर न्यायची.

सगळं सामान आणि मजुरी मिळून खर्च आला तो चौघांनी हॉटेलात एकदा जेवावं एवढा. काम अर्ध्या दिवसाचं.

बुश बदलल्यानंतरचं

गाडी सुधारली म्हणून बाबा तरुण झाले, असं मात्र मी सांगणार नाही. पिन-बुशांनी वय थांबत नाही. पण या निमित्ताने एक बरं झालं. "हात गेला" या एका वाक्याखाली जे सगळं झाकलं गेलं होतं, ते वेगवेगळं करून पाहता आलं. बाबांनी आपणहून डोळे तपासून घेतले. चष्म्याचा नंबर बदलला. रात्री समोरून येणाऱ्या दिव्यांचा त्रास होतो, हे त्यांनी पहिल्यांदा मोकळेपणाने सांगितलं आणि अंधार पडल्यावर गाडी चालवायची नाही, असं स्वतःच ठरवलं. भजनी मंडळाने कार्यक्रमाच्या वेळा तशा मागेपुढे करून घेतल्या. ठरवलं बाबांनी, आणि ते खऱ्या कारणासाठी ठरवलं. साठ-सत्तर रुपयांच्या नायलॉनच्या तुकड्यासाठी नव्हे.

म्हणून तुम्हाला दोन गोष्टी सांगावाशा वाटतात. एक गाडीची: न्यूट्रलमध्ये दांडा लटलटू लागला, तर गिअरबॉक्स उघडण्याला किंवा गाडी विकण्याला हो म्हणण्याआधी कुणाला तरी खाली पाठवून सांधे पाहा. दुसरी घरची. आपल्याकडे माणूस सत्तरीला आला की काहीही अडलं तरी त्याच्या वयावर ढकलायची सोय होते, आणि सगळ्यात आधी तो स्वतःच ते मान्य करून टाकतो. फोनवर ऐकू येत नाही म्हणणाऱ्या आजीच्या फोनचा स्पीकर एकदा पाहा. कुलूप उघडत नाही म्हणणाऱ्या आजोबांच्या कुलपात तेलाचे दोन थेंब घाला. कधी दोष खरंच वयाचा निघेल, तेव्हा त्याचा उपाय शांतपणे करता येईल. पण आधी वस्तू तपासा, मग माणूस.

आणि ग्रीसचा डबा घरात ठेवा. वर्षातून एकदा, पावसाळा संपला की, सांध्यांना हात लावायला तो उपयोगी पडतो. आमच्याकडे हे काम आता बाबांचं. चटई मात्र आई अंथरून देते.