श्रेयनामावलीतला एक माणूस

परवा ‘झोर्बा द ग्रीक’ (१९६४) पुन्हा पाहण्याचा योग आला. समुद्रकिनाऱ्यावरचे ते शेवटचे नृत्य आम्हांस पाठ आहे. अँथनी क्विनच्या पावलांविषयी आणि थिओडोराकिसच्या संगीताविषयी आम्ही तासन्‌तास बोललो आहोत. पण तिथले ते पांढरेफटक ऊन पडद्यावर कोणी आणले, हे विचारण्याचे इतक्या वर्षांत सुचले नव्हते. या वेळी श्रेयनामावली नीट वाचली. छायाचित्रण : वॉल्टर लासाली.

लासाली ग्रीक नव्हते. जन्म १९२६ सालचा, बर्लिनचा. नाझी राजवटीपायी १९३९ मध्ये ते कुटुंबासह इंग्लंडला आले आणि तिथेच कॅमेऱ्याच्या धंद्यात शिरले. दिग्दर्शक मायकेल काकोयानिस यांच्या ‘अ गर्ल इन ब्लॅक’पासून (१९५६) त्यांचा ग्रीसशी ऋणानुबंध जडला. ‘इलेक्ट्रा’मध्ये (१९६२) काळ्या वस्त्रांतल्या स्त्रिया उजाड माळावर उभ्या राहतात, तेव्हा मागचे आभाळही शोकांतिकेतले पात्र होऊन जाते.

भूमध्य समुद्राकाठचे ऊन मोठे निष्ठुर असते. ते चेहऱ्यावर सुरीने कापल्यासारख्या सावल्या पाडते. लासालींनी त्याला गोंजारले नाही. सुरकुत्या, दगड, चुन्याच्या भिंती यांचा कठोरपणा त्यांनी तसाच राहू दिला. ‘झोर्बा’मधला विधवेच्या हत्येचा प्रसंग म्हणूनच असह्य होतो. भर दिवसा सारे गाव पाहत असते, आणि त्या स्त्रीला लपायला अंधारही नसतो.

मग आठवले, हैदराबादेत चित्रित झालेला ‘हीट अँड डस्ट’ (१९८३) आम्ही कौतुकाने पाहिला होता. तेही छायाचित्रण यांचेच! म्हणजे आपल्याकडचे ऊनही आम्ही यांच्या डोळ्यांनी पाहिले, आणि नाव मात्र वाचले नाही.

‘झोर्बा’साठी त्यांना ऑस्कर मिळाले. उतारवयात ते क्रीट बेटावर, खानिया शहराजवळ राहत. झोर्बाचे नृत्य जिथे चित्रित झाले त्या स्ताव्रोसच्या किनाऱ्यावरील एका खानावळीत ती सोनेरी बाहुली मांडलेली असे. २०१२च्या प्रारंभी खानावळीस आग लागली आणि बाहुली तीत नष्ट झाली. २०१७ साली क्रीटमध्येच लासाली वारले.

बाहुली गेल्याचे आम्हांस फारसे दुःख नाही, कारण ते ऊन शाबूत आहे. खंत वाटते ती आमच्याच सवयीची : पडद्यावर नावे येत असताना शेजाऱ्याशी गप्पा मारत राहण्याची.