गच्चीवरची कढई

घर पारखून घेता येते, सोयरीक जुळवून पाहता येते. शेजार मात्र नशिबाने पदरी पडतो. भल्या पहाटे रेडिओ लावणारा किंवा नेलेली साखरेची वाटी रिकामीही परत न करणारा शेजारी ज्याला लाभला नाही, असा भाग्यवान विरळाच. अशा वेळी सभ्य माणसाच्याही मनात जे विचार क्षणभर येऊन जातात, ते उच्चारण्याजोगे नसतात. अमेरिकन व्यंगचित्रकार चार्ल्स अ‍ॅडम्स (१९१२-१९८८) यांनी ते चितारले.

‘न्यूयॉर्कर’ साप्ताहिकात १९३८ पासून त्यांनी एक विलक्षण कुटुंब रंगविले. पडका वाडा, काळ्या पायघोळ वेषातील फिकट गृहिणी आणि धिप्पाड, मुका नोकर. या मंडळींना नावे मिळाली ती १९६४ मधील दूरचित्रवाणी मालिकेच्या वेळी. तोवर ती निनावीच होती, आणि म्हणूनच त्यांच्या जागी कोणताही शेजारी कल्पिता येई.

त्यांचे १९४६ च्या नाताळातील चित्र माझ्या विशेष आवडीचे आहे. दाराशी गायकमंडळी भक्तिभावाने गात उभी आहेत आणि वर गच्चीवर हे कुटुंब उकळती कढई त्यांच्यावर कलंडविण्याच्या बेतात आहे. चित्राखाली एक शब्दही नाही.

कढई कलंडली असती, तर हसू थिजले असते. चित्रकार तिथेच थांबतो. पुढचे भय आपल्या मनात राहते आणि हसू ओठांवर येते. शिवाय वाड्यातल्या मंडळींच्या वागण्यात क्रौर्य नाही. सणाची तयारी करणाऱ्या घरातली नेटकी लगबग आहे.

पण यांतला त्रासदायक शेजारी कोणता? गावाच्या दृष्टीने तो वाडा. वाड्याच्या दृष्टीने ते गायक. बडोद्यात पिढ्यान्‌पिढ्या राहिलेल्या आमच्यासारख्यांना हा प्रश्न परका नाही. गणेशोत्सवात आमच्या आरतीच्या झांजा गुजराती शेजाऱ्यांनी ऐकल्या. नवरात्रात त्यांचा गरबा आम्ही उत्तररात्रीपर्यंत ऐकला. दोन्ही गच्च्यांवर एकेक अदृश्य कढई तापत असणारच. पण दुसऱ्या दिवशी इकडून मोदक गेले, तिकडून फाफडा आला.

मनातली कढई चित्रात पाहून हसता आले, की ती प्रत्यक्षात कलंडविण्याची गरज उरत नाही. शेजारधर्म म्हणजे तरी याहून निराळे काय?